खाकीतल्या अकरा जणांचा हंगाम

लातूर-नांदेड रस्त्यावरचे चाकूर हे तालुक्याचे गाव बाहेरच्यांना दोन कारणांनी ठाऊक असते. एक म्हणजे लोकसभेचे माजी अध्यक्ष आणि २००४ ते २००८ या काळात देशाचे गृहमंत्री राहिलेले शिवराज पाटील चाकूरकर. दुसरे म्हणजे इथले सीमा सुरक्षा दलाचे प्रशिक्षण केंद्र. सरहद्दीपासून शेकडो कोस आत, तूर-सोयाबीनच्या रानात, सीमेवर उभे राहणारे जवान घडतात. या दलाचा आणखी एक वारसा आहे आणि चाकुरात त्याची चर्चा फारशी होत नाही. देशातल्या सर्वांत जुन्या फुटबॉल स्पर्धेचा, म्हणजे ड्युरंड चषकाचा, मान सीमा सुरक्षा दलाच्या संघाने सात वेळा मिळवला आहे.

पण गणवेशातल्या फुटबॉलचे चाकूरच्या मुलखाशी असलेले नाते या दलाच्याही आधीचे आहे. सीमा सुरक्षा दल १९६५ साली उभे राहिले. त्याच्या पंधरा वर्षे आधी, १९५० च्या हंगामात, भारतातला सर्वांत दमदार फुटबॉल संघ आपल्याच राज्याचा होता. संघाचे नाव हैदराबाद सिटी पोलीस. तेव्हा मराठवाडा हैदराबाद राज्यात होता. त्या संघाने त्या वर्षी जे केले ते मराठवाड्याच्या इतिहासाच्या पुस्तकांत कुठे येत नाही, आणि यायला हवे होते.

आधी नकाशा डोळ्यांपुढे आणू. १९५० साली हैदराबाद राज्यात सोळा जिल्हे होते: आठ तेलंगणाचे, तीन कानडी मुलखाचे आणि पाच मराठवाड्याचे. लातूर हा उस्मानाबाद जिल्ह्यातला एक तालुका होता. आज लातूर जिल्ह्यात असलेले उदगीर, अहमदपूर आणि निलंगा हे तालुके तेव्हा बीदर जिल्ह्यात मोडत. इथल्या माणसाला कोर्टाचे मोठे काम निघाले, पोराला कॉलेजात घालायचे झाले किंवा बड्या साहेबाची भेट हवी असली की त्याची वाट मुंबई-पुण्याकडे जात नसे. चाकूर तालुक्यातल्या लातूर रोड स्टेशनावर गाडी धरायची आणि उदगीर, बीदर, विकाराबाद करत हैदराबाद गाठायचे. नांदेड-परभणीची माणसे मनमाडकडून येणाऱ्या मीटरगेजने काचीगुड्याला उतरत. खिशात हाली शिक्क्याचा रुपया असे. राज्यकारभाराची भाषा उर्दू होती. त्यामुळे शिकलेला मराठी माणूसही उर्दू लिहीत-वाचत असे.

त्याच काचीगुड्याच्या एका शाळेत सय्यद अब्दुल रहीम नावाचे शिक्षक नोकरी करून गेले होते. १९०९ साली हैदराबादेत जन्मलेले रहीम उस्मानिया विद्यापीठाचे पदवीधर. स्वतः चांगले खेळाडू. वेगवेगळ्या शाळांत शिकवता शिकवता त्यांनी शारीरिक शिक्षणाचा अभ्यास केला आणि पुढे हैदराबाद फुटबॉल असोसिएशनचे चिटणीस झाले. १९५० साली सिटी पोलिसांच्या संघाची जबाबदारी त्यांच्याकडे आली. रहीमसाहेबांच्या हाती तो संघ आला आणि भारतीय फुटबॉलचा सगळा तोलच दक्षिणेकडे कलला.

या संघाच्या अंगावरची खाकी १९५० साली मराठवाड्याला साधी वाटत नव्हती, हेही सांगितले पाहिजे. दोनच वर्षांपूर्वीपर्यंत निजामाचे पोलीस आणि रझाकार हे शब्द इथल्या गावांत एका दमात उच्चारले जात. स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालच्या स्टेट काँग्रेसचे शेकडो कार्यकर्ते याच पोलिसांनी तुरुंगात डांबले होते. १३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौजा शिरल्या, १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली. त्यानंतर मेजर जनरल जे. एन. चौधरी लष्करी गव्हर्नर म्हणून आले आणि २६ जानेवारी १९५० पासून एम. के. वेलोदी मुख्यमंत्री झाले. राज्य नवे, झेंडा नवा. पोलीस खाते मात्र बऱ्याच अंशी तेच होते. अशा खात्याचा संघ त्याच वर्षी भारताच्या मैदानांवर उतरला तेव्हा तो भारतातल्या एका नव्या राज्याचा संघ म्हणून उतरला. फौजांनी जोडलेला मुलूख चेंडूच्या निमित्ताने देशाच्या ओळखीचा झाला. ही गोष्ट लहान नाही.

फुटबॉल आणि गणवेश यांची गाठ आपल्याकडे मुळापासूनची आहे. हा खेळ हिंदुस्थानात आणला तो गोऱ्या पलटणींनी. सर मॉर्टिमर ड्युरंड या परराष्ट्र खात्याच्या सचिवाने १८८८ साली सिमल्यात स्पर्धा सुरू केली ती पलटणींसाठीच. पहिल्या अंतिम सामन्यात रॉयल स्कॉट्स फ्युझिलिअर्सने हायलँड लाइट इन्फंट्रीला २-१ ने हरवले. तीन वर्षांनी, १८९१ साली, मुंबईत रोव्हर्स चषक सुरू झाला आणि तो पहिल्यांदा वूस्टरशायर रेजिमेंटने नेला. त्यानंतर कित्येक वर्षे हे दोन्ही चषक एका छावणीतून दुसऱ्या छावणीत फिरत राहिले. १९११ मध्ये मोहन बागानने कलकत्त्यात ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला हरवून आयएफए शील्ड जिंकली तेव्हा देशभर आनंद झाला. तरीही रोव्हर्स हिंदी संघाच्या हाती लागायला १९३७ साल उजाडले. बंगलोर मुस्लिम्स या संघाने तो मान मिळवला. ड्युरंडला तर १९४० पर्यंत थांबावे लागले. त्या वर्षी दिल्लीत मोहमेडन स्पोर्टिंगने रॉयल वॉरविकशायर रेजिमेंटला २-१ ने हरवले.

मराठवाड्यातही छावण्या होत्या. हैदराबाद कंटिंजंटची ठाणी औरंगाबाद, जालना, हिंगोली आणि मोमिनाबादेत, म्हणजे आजच्या अंबाजोगाईत होती. मोमिनाबाद तर घोडदळाचे ठाणे. विसाव्या शतकाच्या आरंभी कंटिंजंट ब्रिटिश हिंदी सैन्यात विलीन झाले आणि यांतली बहुतेक ठाणी उठली. नागपूरजवळच्या कामठीशी तुलना केली की याचा परिणाम दिसतो. कामठीची छावणी टिकली आणि तिथल्या गल्ल्यांत फुटबॉल मुरला. रब्बानी क्लबसारखे संघ आजही विदर्भात नावाजलेले आहेत. कोल्हापुरात छावणीऐवजी तालमींनी हा खेळ पोसला. पाटाकडील तालीम, बालगोपाल तालीम, शिवाजी तरुण मंडळ यांच्या सामन्यांना तिथे आजही मैदान फुलते. फुटबॉलला रोज सरावाला बोलावणारी, बूट देणारी, जेवायला घालणारी एखादी संस्था लागते. हिंगोली-अंबाजोगाईत ती संस्था उठून गेली. हैदराबादेत तिची जागा पोलीस खात्याने घेतली.

हैदराबादेतला पोलीस संघ पूर्वी सिटी अफगाण्स या नावाने ओळखला जात असे. १९३०-४० च्या दशकात नॉर्बर्ट फ्रुव्हॉल यांनी त्याला खेळायला शिकवले. शिवकुमार लाल या पोलीस अधिकाऱ्याने त्याला पाठबळ दिले. १९४३ साली बंगळूरच्या अॅश गोल्ड कपमध्ये या संघाने रॉयल एअर फोर्सच्या संघाला हरवले. त्या विमानदलाच्या संघात डेनिस कॉम्प्टन होता, म्हणजे इंग्लंडचा नामांकित फलंदाज आणि आर्सेनल क्लबचा फुटबॉलपटू. युद्धामुळे हिंदुस्थानात आलेल्या अशा खेळाडूंच्या पलटणी त्या काळी भारी मानल्या जात. त्यांना हरवणारा हा संघ देशी संस्थानाच्या शिपायांचा होता.

शिपाई हा शब्द इथे जपून वापरला आहे. कारण या संघाचे गमक शिपायाच्या नोकरीत होते. गल्लीत, शाळेच्या मैदानावर चांगला खेळणारा गरीब घरचा मुलगा दिसला की त्याला पोलिसात भरती केले जाई. दरमहा पगार, गणवेश, राहायला जागा, म्हातारपणी पेन्शन. मोबदल्यात रोज सराव आणि वर्षभर स्पर्धा. कलकत्त्याचे क्लब पैसा जास्त देत, पण गुडघा मोडला तर दुसऱ्या दिवशीची भाकरी कोण देणार याची खात्री तिथे नव्हती. पोलिसात ती होती. त्यामुळे खेळाडू वर्षानुवर्षे एकत्र राहत, एकमेकांची चाल ओळखत. बचावातला अझीझुद्दीन चेंडू कुठे देणार हे मधल्या फळीतल्या नूर मोहम्मदला बघायची गरज पडत नसे, असे म्हटले तर अतिशयोक्ती होणार नाही.

रहीमसाहेबांनी या एकत्र राहण्याला शिस्त दिली. त्यांचा शिकवण्याचा धंदा इथे कामी आला. शाळेतल्या पोरांना धडा पक्का करून घेण्यासाठी मास्तर जशा युक्त्या काढतो तशा त्यांनी काढल्या. हैदराबादेत ते वेगवेगळ्या नियमांच्या स्पर्धा भरवत. एखाद्या स्पर्धेत ड्रिब्लिंगला बंदी असे. चेंडू पायाशी घोळवत बसला की फाउल. दुसऱ्या एखाद्या स्पर्धेत नेहमीच्या पायाने मारायला मनाई, फक्त कमकुवत पायाने खेळायचे. तिसऱ्यात उंचीची मर्यादा, म्हणजे बुटक्या पोरांनाही संधी. या खेळातून तयार झालेले मूल चेंडू आला की लगेच पुढे देई, आणि दोन्ही पायांनी देई. आज युरोपातल्या अकादम्यांमध्ये अशाच पद्धतीचे खेळ घेतात. हैदराबादेत ते १९४० च्या दशकात एक शाळामास्तर घेत होता.

त्या काळच्या सामन्याचे रूप आजच्या वाचकाला थोडे परके वाटेल. आपल्याकडे सामना सत्तर मिनिटांचा असे. संघ २-३-५ च्या जुन्या मांडणीत उभा राही: दोन बॅक, तीन हाफ आणि पुढे पाच जणांची आघाडी. बरेच खेळाडू अनवाणी खेळत. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये भारताच्या बहुतेक खेळाडूंनी बुटांशिवायच फ्रान्सशी झुंज दिली होती आणि सामना १-२ ने गमावला होता. पावसाळी मैदानावर अनवाणी पाय घसरत. कोरड्या मैदानावर मात्र त्या पायांची चेंडूवरची पकड बुटातल्या पायांना मिळत नसे.

तर १९५० चा हंगाम.

पहिली मोठी मोहीम मुंबईची. रोव्हर्स चषकाचे सामने कूपरेजच्या मैदानावर होत. फुटबॉल बघणारा मराठी माणूस, गोव्याहून येऊन स्थायिक झालेला गोवेकर, गिरणीतला कामगार, फोर्टातला कारकून अशी सगळी गर्दी तिथे जमे. हैदराबादचा संघ अंतिम फेरीत पोचला. समोर बंगळूरचा आर्यन जिमखाना होता. दोन्ही संघ दक्षिणेकडचे, दोघांचीही पायाशी चेंडू ठेवून खेळायची रीत. सामना एका गोलाने सुटला: हैदराबाद सिटी पोलीस १, आर्यन जिमखाना ०. मुंबईचा चषक निजामाच्या जुन्या राजधानीला गेला. पुढे तो तिथून पाच वर्षे हललाच नाही. १९५०, ५१, ५२, ५३ आणि ५४ असे सलग पाच हंगाम रोव्हर्स सिटी पोलिसांकडे राहिला. हा विक्रम रोव्हर्सच्या इतिहासात दुसऱ्या कोणालाही मोडता आला नाही. मुंबईकर प्रेक्षकांना दर वर्षी हा संघ येताना दिसे आणि चषक घेऊन परतताना दिसे.

दुसरी मोहीम दिल्लीची. ड्युरंड स्पर्धा १९४० नंतर बंद पडली होती. आधी महायुद्ध, मग फाळणी. दहा वर्षांनी, स्वतंत्र भारतात, ती १९५० साली पुन्हा सुरू झाली. गोऱ्या पलटणी मायदेशी गेलेल्या. भारतीय सैन्याचे संघ आणि नागरी क्लब आता समोरासमोर होते. अंतिम सामन्यात हैदराबादपुढे मोहन बागान आला. भारतीय फुटबॉलमधले सर्वांत मानाचे नाव. शैलेन मन्नासारखा बचावपटू, मागे कलकत्त्याची परंपरा. पहिला सामना २-२ असा बरोबरीत सुटला. फेरसामन्यात हैदराबादने १-० ने बाजी मारली. स्वतंत्र भारतातला पहिला ड्युरंड चषक असा एका पोलीस संघाने जिंकला. एकाच हंगामात रोव्हर्स आणि ड्युरंड ही दोन्ही पारितोषिके एका घरी आणणे ही त्या काळी केवढी गोष्ट होती, हे कलकत्त्याच्या क्लबांच्या दबदब्याकडे बघितले की कळते.

हंगाम तिथे संपला नाही. मार्च १९५१ मध्ये पहिले आशियाई खेळ दिल्लीत भरले. भारतीय फुटबॉल संघाचे प्रशिक्षक म्हणून रहीमसाहेब निवडले गेले. संघात हैदराबादचे अझीझुद्दीन, नूर मोहम्मद आणि लईक होते. कप्तान मोहन बागानचाच शैलेन मन्ना. ड्युरंडच्या अंतिम सामन्यात एकमेकांसमोर उभे राहिलेले खेळाडू आता एकाच पोशाखात होते. अंतिम सामन्यात साहू मेवालालच्या एकुलत्या गोलावर भारताने इराणला हरवून सुवर्णपदक घेतले.

पुढच्या वर्षी हेलसिंकीत मात्र सगळे उलटे झाले. युगोस्लाव्हियाने भारताला १०-१ असे धुऊन काढले. थंडी, ओले मैदान आणि अनवाणी पाय. त्यानंतर बूट सक्तीचे झाले. रहीमसाहेबांनी हार मनावर घेतली, युरोपातल्या संघांच्या मांडण्या अभ्यासल्या आणि २-३-५ ची जुनी चौकट सोडली. मोठ्या प्रशिक्षकाचे मोठेपण अशा पराभवानंतर कळते. मैदान ओले होते म्हणून हात झटकता आले असते. रहीमसाहेबांनी खेळच बदलला.

१९५६ हे साल मराठवाड्याच्या दृष्टीने या गोष्टीतला सांधा आहे. १ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्य तीन तुकड्यांत वाटले गेले. तेलंगणा आंध्र प्रदेशात गेला, कानडी जिल्हे म्हैसूर राज्यात गेले, मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आला. ती मागणी रास्त होती आणि तिच्यासाठी लोक झगडले होते. बरोबर एक महिन्याने, १ डिसेंबरला, मेलबर्न ऑलिंपिकमध्ये रहीमसाहेबांच्या भारतीय संघाने यजमान ऑस्ट्रेलियाला ४-२ ने हरवून उपांत्य फेरी गाठली. आसगावचा गोवेकर आणि मुंबईकडून खेळणारा नेव्हिल डिसोझा याने तीन गोल केले. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारा तो पहिला आशियाई खेळाडू. संघात हैदराबादच्या मातीत घडलेले अझीझुद्दीन, नूर मोहम्मद, झुल्फिकारुद्दीन, सलाम आणि तुलसीदास बलराम होते. उपांत्य सामना युगोस्लाव्हियाविरुद्ध १-४ ने गेला, तिसऱ्या क्रमांकाचा सामना बल्गेरियाने ३-० ने जिंकला. भारत चौथा. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये याहून वर भारत कधी गेला नाही.

आता योग बघा. संतोष करंडक या राष्ट्रीय स्पर्धेत १९५६ आणि १९५७ अशी लागोपाठ दोन वर्षे हैदराबादने विजेतेपद मिळवले, आणि दोन्ही वेळा अंतिम सामन्यात हरवलेला संघ मुंबईचा होता. लातूर-नांदेडची माणसे तोवर मुंबई राज्याची झाली होती. म्हणजे काल जे आपले होते ते जिंकले आणि आज जे आपले आहेत ते हरले. हैदराबादचा फुटबॉल मराठवाड्याच्या आठवणीतून गेला तो इथे, असे माझे मत आहे. त्याच्याविषयी कोणाच्या मनात आकस होता असे नाही. रेल्वेची दिशा बदलली, कचेरीची भाषा बदलली, वर्तमानपत्र बदलले. उर्दू पेपरात सिटी पोलिसांच्या सामन्याची बातमी वाचणारी पिढी मागे पडली, आणि मराठी पेपरात ती बातमी परराज्याची झाली.

हैदराबादचा संघ मात्र खेळत राहिला. आंध्र पोलीस या नव्या नावाने १९६० नंतरही चषक येत गेले. एकूण हिशेब असा: रोव्हर्स नऊ वेळा, ड्युरंड चार वेळा. बलरामची गोष्ट या यंत्रणेचे मर्म सांगते. सिकंदराबादजवळच्या अम्मुगुड्याचा हा गरीब घरचा पोरगा. त्याला सरावाला येणे परवडेना म्हणून रहीमसाहेबांनी सायकल भाड्याने घ्यायला पैसे दिले. पुढे तो ईस्ट बंगालला गेला आणि भारताच्या सर्वकालीन श्रेष्ठ आघाडीवीरांत गणला गेला. पीटर तंगराजही हैदराबादचाच. तो सैन्यात गेला आणि मद्रास रेजिमेंटल सेंटरकडून खेळला. या सेंटरने १९५५ आणि १९५८ साली ड्युरंड जिंकला. उंचापुरा तंगराज पुढे आशियातला नामांकित गोलरक्षक झाला. पोलीस असो की सैन्य, गणवेशाच्या नोकरीत खेळाडू घडवायची ताकद तेव्हा होती.

१९६२ च्या जाकार्ता आशियाई खेळांत रहीमसाहेबांनी भारताला दुसरे सुवर्ण मिळवून दिले. अंतिम सामन्यात दक्षिण कोरिया २-१ ने हरली. तेव्हा त्यांना कर्करोगाने ग्रासले होते. ११ जून १९६३ रोजी ते गेले, वयाची चोपन्न वर्षेही पुरी झाली नव्हती. आंध्र पोलिसांनी त्याच वर्षी रोव्हर्स जिंकला. त्यानंतर रोव्हर्स तिकडे पुन्हा गेला नाही. २०२४ साली आलेल्या 'मैदान' या हिंदी चित्रपटामुळे रहीमसाहेबांचे नाव नव्या पिढीला कळले. त्यात अजय देवगणने त्यांची भूमिका केली आहे.

हैदराबादच्या पोलिसांकडून सुटलेली दोरी उत्तरेत सीमा सुरक्षा दलाने धरली. दलाचे पहिले महासंचालक खुसरो फरामुर्झ रुस्तमजी यांचा जन्म कामठीचा. वर ज्या छावणीच्या गावात फुटबॉल मुरला म्हटले, तेच कामठी. जालंधरला अश्विनीकुमार हे पोलीस अधिकारी होते. खेळांवर त्यांचा जीव होता. पुढे ते दलाचे महासंचालक आणि आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे सदस्यही झाले. दल स्थापन होऊन तीनच वर्षे झाली असताना, १९६८ मध्ये, जालंधरच्या संघाने अंतिम सामन्यात ईस्ट बंगालला १-० ने हरवून ड्युरंड जिंकला. पुढच्या वर्षी गोरखा ब्रिगेडने त्यांना अडवले. १९७१, १९७३ आणि १९७५ ला चषक पुन्हा त्यांच्याकडे आला. १९७६ ला तो फगवाड्याच्या जेसीटी मिलसोबत वाटून घेतला, आणि १९८१ व १९८८ ला पुन्हा एकट्याने जिंकला. १९७९ च्या फेडरेशन कपमध्ये त्यांनी मुंबईच्या मफतलाल संघाला अंतिम फेरीत मागे टाकले. सिटी पोलिसांचीच ही पद्धत होती: भरतीत खेळाडू हेरायचा, नोकरीची हमी द्यायची, संघ एकत्र ठेवायचा.

मग ही पद्धत का मोडली? १९९६ साली राष्ट्रीय लीग सुरू झाली. क्लबांना परवाने, युवा संघ, परदेशी खेळाडू अशा अटी आल्या. सरकारी खात्याच्या संघाला परदेशी खेळाडू घेता येत नाही आणि तिकिटे विकून नफाही कमावता येत नाही. व्यावसायिक क्लबांनी तरुणांना लाखांचे करार देऊ केले. त्यांच्यापुढे शिपायाचा पगार फिका पडला. १८९१ पासूनचा रोव्हर्स चषक २००० सालानंतर बंद झाला. ड्युरंड मात्र सैन्याने नेटाने चालवला आहे. २०१९ पासून ती स्पर्धा कोलकात्यात रुजली आहे. २०२५ च्या ड्युरंडमध्ये सीमा सुरक्षा दलाचा संघ मोहन बागान, मोहमेडन स्पोर्टिंग आणि डायमंड हार्बर यांच्या गटात खेळला. गट ओलांडणे त्याला जमले नाही. करारबद्ध व्यावसायिकांपुढे नोकरी सांभाळून खेळणाऱ्यांचा टिकाव लागणे आता अवघड आहे, आणि हा दोष खेळाडूंचा नाही.

तरीही गणवेशाचा फुटबॉल संपला असे म्हणायला मन धजत नाही. १९६० साली हवाई दलाचे प्रमुख सुब्रतो मुखर्जी यांच्या पुढाकाराने सुरू झालेला सुब्रतो कप आजही शाळकरी मुलांसाठी भरतो. त्याची निवड फेरी तालुका-जिल्ह्यापासून सुरू होते. म्हणजे चाकूरच्या शाळेतल्या मुलांना दिल्लीपर्यंत जायची वाट आजही सैन्याच्याच एका शाखेने उघडी ठेवली आहे. चाकुरात सीमा सुरक्षा दलाचे केंद्र आहे, मैदान आहे, शिस्तीत वाढलेली माणसे आहेत. केंद्राने वर्षातून काही दिवस तालुक्यातल्या शाळांसाठी ते मैदान मोकळे केले आणि रहीमसाहेबांसारख्या दोन स्पर्धा भरवल्या, एक ड्रिब्लिंगबंदीची आणि एक कमकुवत पायाची, तर त्याला फारसा खर्च येणार नाही.

आणखी एक काम उरते. उदगीर, अहमदपूर, नांदेड, परभणीच्या जुन्या घरांत उर्दू शिकलेल्या आजोबांच्या पेट्या अजून आहेत. त्यांत हैदराबादच्या कॉलेजातले फोटो, वसतिगृहाचे कागद, जुन्या उर्दू पेपरांची कात्रणे सापडतात. उर्दू वाचता येत नाही म्हणून ती रद्दीत देऊ नका. नांदेडच्या स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठाच्या इतिहास विभागाकडे ती सोपवा, आणि विद्यापीठाने ती जपून ठेवावीत. १९५० चा तो हंगाम तेलंगणाचा आहे तितकाच लातूर-नांदेडचाही आहे.